शब्दपंचाईत : कानाला सारखे, कोशात परके

या खेपेला टपालात एकाच जातीच्या शंका ढिगानं आल्या. दोन इंग्रजी शब्द कानाला सारखे लागतात, एक कोशातला सभ्य गृहस्थ, दुसरा बोलीतला उनाड. मग त्यांचं आपसात नातं आहे की नाही? संपादक म्हणाले, बाकीची पत्रं पुढच्या अंकात घ्या, हा विषय एकदाचा निकालात काढा. मी नोकरीभर कोर्टात दुभाषी होते. तिथे ऐकीव माहिती पुरावा म्हणून चालत नाही, आणि साक्षीदार बोलला त्यापेक्षा जास्त सांगायची दुभाष्याला मुभा नसते. इथेही तेवढाच नियम पाळते.

प्रश्न : मुलगा घरी येऊन म्हणाला, "आज ऑफिसात पॉश ट्रेनिंग होतं." मला वाटलं, काट्याचमच्यानं कसं जेवायचं ते शिकवत असतील. त्यानं मला वेड्यात काढलं. शिवाय पॉश हा शब्द मुंबईच्या बोटींवरून आला असं आम्ही शाळेत ऐकलं होतं. खरं काय? (निवृत्त शिक्षक, सातारा)

गुरुजी, चिरंजीवांचा पॉश हा कायद्यातला. कामाच्या ठिकाणी स्त्रियांचा लैंगिक छळ होऊ नये म्हणून २०१३ साली कायदा झाला. "प्रिव्हेन्शन ऑफ सेक्शुअल हॅरॅसमेंट" या इंग्रजी शब्दांची आद्याक्षरं जुळवून लोकांनी पॉश केलं. दहा किंवा जास्त माणसं कामाला असतील तिथे अंतर्गत समिती नेमावीच लागते, तीच ही पॉश कमिटी. तिचा कोरेगाव पार्कातल्या पॉश फ्लॅटशी काडीचा संबंध नाही.

आता बोटीची गोष्ट. ती अशी सांगतात : विलायतेहून मुंबईला येताना जहाजाची डावी बाजू उत्तरेला, म्हणजे सावलीत. परत जाताना उजवी बाजू सावलीत. श्रीमंत साहेब दोन्ही वेळा सावलीतली केबिन मागायचे. "जाताना पोर्ट, येताना स्टारबोर्ड" या इंग्रजी शब्दांची चार आद्याक्षरं पी अँड ओ कंपनी तिकिटावर मारायची, आणि त्यातून झाला पॉश. गोष्ट इतकी घोटीव आहे की तिथेच संशय यायला हवा. असा शिक्का मारलेलं एकही तिकीट आजवर कुणाला दाखवता आलेलं नाही. कंपनीच्या कागदपत्रांतही त्याचा मागमूस नाही. ही कथा छापून यायला लागते ती १९३०च्या दशकात, आणि शब्द तर पहिल्या महायुद्धाच्या सुमारालाच ऐटबाज या अर्थानं फिरत होता. बारसं झाल्यावर वीस वर्षांनी कुणी नावाची कथा रचली, तर तिला काय म्हणायचं?

तुम्ही शिक्षक, म्हणून एक खूणगाठ सांगून ठेवते, मुलांना सांगायला उपयोगी पडेल. आद्याक्षरं जोडून बोलता येईल असा शब्द करायची इंग्रजांना खोड लागली ती विसाव्या शतकात. अशा शब्दाला इंग्रजीत जे नाव आहे, अ‍ॅक्रोनिम, तेच मुळी १९४०च्या आसपासचं. तेव्हा कुणी एखादा जुना शब्द घेऊन "याची आद्याक्षरं अशी" म्हणून सांगायला लागला की खुशाल चहा घ्यायला उठावं. न्यूज म्हणजे चार दिशांची आद्याक्षरं, ही थाप. टिप म्हणजे काम झटपट व्हावं म्हणून आधी दिलेले पैसे, हीसुद्धा थाप. व्हॉट्सअ‍ॅपवर दोन्ही दर दिवाळीला नव्यानं जन्म घेतात.

मग पॉश आला कुठून? एकोणिसाव्या शतकात लंडनच्या भुरट्यांच्या बोलीत पॉश म्हणजे चिल्लर, विशेषतः अर्धी पेनी. तो बहुधा रोमानी भाषेतला, तिथे त्याचा अर्थ अर्धा. त्याच बोलीत नटव्या माणसालाही पॉश म्हणत. चिल्लरीवरून नटव्यावर, आणि नटव्यावरून बंगल्यावर शब्द नेमका कसा चढला याचा कागद सापडलेला नाही, म्हणून चांगले कोश "बहुधा" लिहून थांबतात. मला असे कोश आवडतात.

प्रश्न : आम्ही मूळचे कोल्हापूरचे, सध्या इंग्लंडात लेस्टरला. मुलाला घरात लाडानं छावा म्हणतो. परवा बागेत हाक मारली तर शेजारच्या आजींनी कसनुसं तोंड केलं. नंतर ऑफिसात कळलं, इथे चॅव्ह ही शिवी आहे. आता काय करू? (एक आई)

हाक मारणं थांबवू नका, ताई. फक्त त्या आजींना एकदा चहाला बोलावून पुढची हकिगत सांगा, कारण इथे कानानं खोटं सांगितलेलं नाही. दोन्ही शब्द खरंच एका घरातले आहेत.

चॅव्ह म्हणजे ब्रिटनमध्ये ट्रॅकसूट, जाडजूड साखळी, मोठा आवाज अशा थाटात फिरणारा कामगार वस्तीतला पोरगा, बोलणाऱ्याच्या मते अडाणी. शब्द वर्गद्वेषी आहे, तोंडात घालू नये. त्याचीही एक आद्याक्षरी कथा फिरते, सरकारी घरात राहणारा आणि हिंसक, अशी. तिची वासलात गुरुजींच्या उत्तरात लावलीच आहे. कोशकार बोट दाखवतात ते रोमानी भाषेतल्या चावो या शब्दाकडे. चावो म्हणजे मुलगा, पोर.

रोमानी बोलणारे लोक मूळ भारतातले. हजारेक वर्षांपूर्वी इथून निघाले आणि इराण, आर्मेनिया, ग्रीस करत युरोपभर पसरले. वाटेत पुष्कळ शब्द उचलले, पण घरातले टिकवले. त्यांची आकडेमोड ऐका : एक, दुई, त्रिन, श्तार, पांज. पाण्याला पानी, नाकाला नाक. त्यांचा चावो आणि आपला छावा संस्कृतातल्या शाव या शब्दाची नातवंडं. शाव म्हणजे पिल्लू, बछडा. आपल्याकडे तो वाघसिंहांच्या पिल्लाला लागला आणि मग मर्दाचं विशेषण झाला. तिकडे तो माणसाच्या पोराला लागला, गावकुसाबाहेरच्या लोकांचा शब्द म्हणून हिणकस ठरला, आणि शिवी झाला. एकाच आजोबांची दोन नातवंडं, एक किल्लेदार, दुसरं कोठडीत.

त्याच रोमानीतून इंग्रजीला पॅल मिळाला. पॅल म्हणजे दोस्त, मूळ शब्द प्राल म्हणजे भाऊ, आणि त्याच्याही मागे आपला भ्राता. सतराव्या शतकाच्या अखेरीपासून इंग्रज एकमेकांना आपल्या शब्दानं भाऊ म्हणताहेत. आजींना हेही सांगा.

प्रश्न : मी देवळाली कॅम्पात राहतो. एक इंग्रज पाहुणे गावाचं नाव ऐकून हसायलाच लागले. म्हणाले, आमच्याकडे डूलॅली म्हणजे डोकं फिरलेला. हे डिली-डॅली पैकीच काही आहे का? आमच्या गावाची बदनामी कुणी केली? (एक दुकानदार)

भाऊ, प्रश्न ऐकून बरं वाटलं, कारण मी देवळालीगावची. लॅम रोडनं सायकल मारत शाळेत गेलेली.

डिली-डॅली बाजूला ठेवू. तो टंगळमंगळ करणं या अर्थाचा, डॅली या जुन्या क्रियापदाला नुसती जोडी लावून केलेला शब्द, आपण काम-बिम म्हणतो तसा. देवळालीत छावणी पडायच्या फार आधीपासून तो इंग्रजीत आहे. डूलॅली मात्र शंभर टक्के आपली देवळाली.

छावणी १८६१ सालची. विलायतेहून मुंबईला उतरलेले गोरे सोल्जर इथे थांबून पुढे आपापल्या पलटणीत जायचे, आणि नोकरीची मुदत संपलेले परतीच्या बोटीची वाट बघत इथेच राहायचे. मेख इथे होती. सैन्याच्या बोटी मुंबईहून सुटायच्या त्या साधारण नोव्हेंबर ते मार्च. ज्याची मुदत एप्रिलात संपली तो पुढची बोट लागेपर्यंत देवळालीत अडकला. बंदूक जमा केलेली, कवायत नाही, काम नाही, खिशात साठवलेला पगार, वरून नाशकाचा वैशाख. दारू, बाजार, मलेरिया, गुप्तरोग, कोठडी. वर्षानुवर्षं शिस्तीत राहिलेली माणसं इथे महिनोन् महिने नुसती बसून भ्रमिष्टासारखं करायला लागत. पलटणीतले म्हणायचे, याला डूलॅली टॅप झाला.

या टॅपवर जरा थांबू या, कारण तुमच्या प्रश्नाचं मर्म तिथे आहे. इंग्रजी कोशात टॅप म्हणजे नळ, किंवा टकटक, किंवा चोरून फोन ऐकणं. पुढच्या पिढ्यांनी तर्क केला की डोक्यावर टपली बसली, म्हणून टॅप. सोल्जरांचा टॅप त्यातला कुठलाच नव्हे. तो आपला ताप. देवळालीचा ताप! अंगात ताप भरला हेही आपण म्हणतो आणि डोक्याला ताप झाला हेही म्हणतो, त्यामुळे मराठी माणसाला ही संज्ञा समजावून सांगावी लागत नाही. पुढे शब्द विलायतेला पोचला, तिथे ताप कुणाला कळेना, म्हणून शेपूट गळून पडलं आणि नुसतं डूलॅली उरलं. आज ते म्हणणाऱ्या दहा इंग्रजांपैकी नऊ जणांना हे गाव आहे हेच माहीत नसतं.

त्याच सोल्जरांनी आणखी पुष्कळ शब्द पडशीत घालून नेले. डेको म्हणजे एक नजर टाकणं, आपल्या हिंदी देखोवरून. कुशी म्हणजे आरामाची नोकरी, खुशीवरून. आणि ब्लायटी. हा ऐकला की शेतकऱ्याला ब्लाइट आठवेल, बटाट्यावर आणि टोमॅटोवर पडतो तो करपा. पण ब्लायटी म्हणजे विलायती. अरबी विलायत, हिंदुस्तानीत बिलायती, गोऱ्यांच्या तोंडी ब्लायटी, अर्थ मायदेश. पहिल्या महायुद्धात खंदकातले शिपाई मनोमन ब्लायटी जखम मागायचे : जीव जाऊ नये, हातपाय शाबूत राहावेत, पण घरी पाठवतील एवढी लागावी.

बदनामीचं म्हणाल तर ती गावाची नाही हो. बोटीचं वेळापत्रक लावणाऱ्या सरकारची आहे. आता तिथे तोफखान्याची शाळा आहे, आणि हवा इतकी चांगली की पारशी-गुजराती मंडळींनी आरोग्यभुवनं बांधली. पाहुणे परत आले की त्यांना तिथे एक फेरी मारून आणा.

प्रश्न : मॅडम, स्पर्धा परीक्षेच्या पुस्तकात सारख्या उच्चारांच्या शब्दांची यादी आहे. बेल आणि बेल यातच मी अडकलो. जामीन, क्रिकेटच्या बेल्स, कापसाचं गाठोडं, आणि इन्स्टावर मुलं म्हणतात "ही बेल्ड". सगळे एकच का? (विद्यार्थी, लातूर)

स्पेलिंगं दोन आहेत बाळा, आणि घराणी तीन-चार. माझ्या नोकरीत हा शब्द रोजचा, म्हणून क्रमानं सांगते.

जामिनाचा बेल जुन्या फ्रेंचमधून आला. हवाली करणं, ताब्यात देणं असा त्याचा अर्थ. आरोपीला जामीनदाराच्या हवाली करतात, तेवढंच. नावेत शिरलेलं पाणी उपसून टाकतात त्यालाही बेल म्हणतात, ते फ्रेंच बादलीवरून, स्पेलिंग तेच. बुडत्या बँकेला सरकार पैसे देतं त्याला बेलआउट म्हणतात, त्यात जामीन आणि बादली दोन्हींची सावली आहे. यष्टीवरच्या बेल्सचं स्पेलिंगही तेच, पण ती जुनी आडकाठी, कुंपणाची फळी.

कापसाच्या गाठीचं स्पेलिंग वेगळं, शेवटी ई. आपल्याकडे रुईची प्रमाण गाठ १७० किलोची धरतात. विदर्भातल्या जिनिंगवाल्याला झोपेतून उठवून विचार, तो हाच आकडा सांगेल. विमानातून पॅराशूटनं उडी मारणं इंग्लंडात पुष्कळदा या गाठीच्या स्पेलिंगनं लिहितात आणि अमेरिकेत जामिनाच्या. परीक्षेत आलं तर कुठल्या देशाचं इंग्रजी विचारलंय ते पाहावं लागेल, आणि प्रश्न काढणाऱ्यानं ते पाहिलेलं नसतं.

इन्स्टावरचा बेल्ड अमेरिकी बोलीतला : ऐन वेळी टांग दिली, कटला. तो या विमानातल्या उडीच्या जवळचा, कोर्टातल्या जामिनाच्या नाही. आणि हो, शंकराला वाहतो त्या बेलाच्या फळालाही इंग्रजी कोशात जागा मिळालीय, आपल्याच उच्चारानं. यादीत नसेल तर पेन्सिलनं लिहून ठेव.

प्रश्न : नात पिझ्झा मागवते तेव्हा "एक्स्ट्रा चीज" म्हणते. मी चाळीस वर्षं गाणं शिकवते, मला चीज म्हटलं की यमनच आठवतो. या दोन चिजांचा काही संबंध? (डोंबिवलीच्या आजी)

आजी, पिझ्झ्यावरच्याचा नाही. तो लॅटिनमधल्या कासेउस वरून आलेला, विरजणाचा. गाण्यातली चीज, "कष्टाचं चीज झालं" मधलं चीज, हे फारसी चीजवरून. चीज म्हणजे वस्तू, आणि मग मोलाची वस्तू.

पण गंमत पुढे आहे. एकोणिसाव्या शतकात लंडनच्या बोलीत एखादी गोष्ट अस्सल, अव्वल असली की म्हणत, "हे खरं चीज." दुधाच्या पदार्थाचं त्यात काय कौतुक? १८८६ साली हॉब्सन-जॉब्सन नावाचा अँग्लो-इंडियन शब्दांचा मोठा कोश निघाला, यूल आणि बर्नेल या दोघांनी केलेला. त्यात सरळ नोंद आहे की हे चीज हिंदुस्तानातलं, आपलंच. हिंदुस्तानात राहून गेलेला साहेब "असली चीज" म्हणायचा आणि लंडनवाल्याला ऐकू यायचं ते जेवणाच्या टेबलावरचं. पुढे अमेरिकेत त्यातूनच बिग चीज निघालं, म्हणजे बडी आसामी. नातीनं एखाद्या साहेबाला बिग चीज म्हटलं तर ते तुमच्या चिजेच्या कुळातलं, पिझ्झ्याच्या नव्हे. चीझी म्हणाली तर मात्र अर्थ उलटा : उथळ, गल्लाभरू.

प्रश्न : लंडनच्या हॉटेलात खोलीत तिघे होतो म्हणून जादा कॉट मागितली. त्यांनी तान्ह्या बाळाचा कठडेवाला पाळणा आणून ठेवला. चूक कुणाची? (नागपूरचे एक काका)

कुणाचीच नाही. आपण खाट दिली, त्यांनी कॉट केली, आणि परत घेताना आपण बघितलं नाही की मधल्या काळात त्यांनी तिला कठडे लावलेत. ब्रिटनमध्ये कॉट बाळाची, अमेरिकेत दुमडती लष्करी खाट. कॉट बेसिसवर राहणं फक्त आपल्याकडे. कॉटेजमधला कॉट या खाटेचा कुणी लागत नाही, तो जुन्या इंग्रजीतला, झोपडीचा.

अशा आणखी दोन फसव्या जोड्या घरातच आहेत. आपण भिंतीला कंपाउंड म्हणतो तो, आणि चक्रवाढ व्याजातला किंवा औषधं कालवणाऱ्या कंपाउंडरचा, हे दोन निराळे शब्द. दुसरा लॅटिनमधला, एकत्र ठेवणं. पहिला मलायी भाषेतला काम्पुंग, म्हणजे वाडी-वस्ती. गोडाऊन ऐकून माल खाली जातो म्हणून गो-डाऊन असं सांगणारे भेटतात. तोही मलायी गुदांगवरूनच आला. टीपॉयवर आपण चहा ठेवतो, पण त्यातली टी चहाची नाही, तिपाईची आहे.

प्रश्न : लेक शिकायला बॉस्टनला निघालीय. कुठले शब्द जपून वापरायचे ते सांगा. लाजू नका. (एक बाबा, ठाणे)

कोर्टात काम केलेल्या बाईला लाज कसली?

पहिला, रबर. वर्गात शेजारच्याकडे "रबर आहे का" असं विचारायचं नाही. अमेरिकेत रबर म्हणजे निरोध. खोडायच्या रबराला तिथे इरेझर म्हणतात. मजा म्हणजे पदार्थाचं नावच खोडण्यावरून पडलंय, इंग्रजीत रब म्हणजे घासणं, अठराव्या शतकात पेन्सिलचं लिहिलेलं घासून काढायला तो वापरू लागले म्हणून. ब्रिजच्या डावाचा रबर, आणि मालिका गमावल्यावरच्या शेवटच्या कसोटीला म्हणतात तो डेड रबर, हे वेगळे. त्यांचा या चिकाशी संबंध नाही.

दुसरा, पॅन्ट. अमेरिकेत आपल्यासारखाच. पण सुट्टीत इंग्लंडला गेली तर तिथे पॅन्ट्स म्हणजे आतले कपडे, आणि एखादा सिनेमा "पॅन्ट्स होता" म्हणजे भिकार होता. तिसरा, सिक. आजारी, किंवा मुलांच्या तोंडी झकास. वय पाहून अर्थ लावावा.

चौथा, पिस्ड. यावरून एक किस्सा सांगते. कोकणातल्या एका बंदरावरच्या अपघाताचा दावा होता, जिल्ह्याचं कोर्ट, साक्ष मराठीत नोंदवायची. साक्षीदार इंग्रज, जहाजावरचा इंजिनियर. त्यानं शपथेवर सांगितलं, त्या रात्री क्रेनवाला पिस्ड होता. क्रेनवाल्याच्या बाजूचे वकील अमेरिकेत शिकून आलेले. ते चटकन म्हणाले, "रागावलेला होता, असं लिहा." अमेरिकेत अर्थ तोच आहे, त्यांचं चुकलं नव्हतं. पण बोलणारा अमेरिकी नव्हता. मी न्यायाधीशांना विनंती केली की साक्षीदारालाच विचारावं. त्यानं काही न बोलता अंगठा तोंडाकडे नेऊन मान मागे टाकली. न्यायाधीश म्हणाले, खूण नोंदवून घ्या. विमा कंपनीचे वकील इतका वेळ पेंगत होते, ते ताठ बसले, कारण पॉलिसीत दारूचा अपवाद होता. दाव्याची सगळी दिशा त्या एका शब्दावर फिरली.

तेव्हा लेकीला सांगा, शब्द कळला नाही तर समोरच्याला आधी त्याचं गाव विचार. कोश मागाहून.

प्रश्न : पोळीभाजी केंद्र वाढवून छोटं हॉटेल काढतेय. इंग्रजीत "करी फेवर" म्हणतात ते ऐकलं, नाव म्हणून कसं वाटतं? आपली करीच ना ती? (एक उद्योजिका, पुणे)

करी आपली नाही, घोड्याची आहे.

जेवणातली करी तमिळ करीवरून आली. वाक्प्रचारातली करी जुन्या फ्रेंचमधली, अर्थ घोड्याला खरारा करणं. खराऱ्याला इंग्रजीत आजही करी-कोंब म्हणतात. आणि फेवर म्हणजे मर्जी, असं आता वाटतं, पण मूळ शब्द होता फावेल. चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला फ्रान्समध्ये एक उपहासकाव्य गाजलं, त्यात फोवेल (इंग्रजांच्या तोंडी फावेल) नावाचा पिंगट घोडा सत्तेवर बसलेला असतो, आणि राजे, सरदार, धर्मगुरू सगळे रांगेनं येऊन त्याच्या अंगावरून खरारा फिरवत असतात. म्हणून फावेलला करी करणं म्हणजे लांगूलचालन. पुढे घोडा विसरला गेला आणि लोकांनी ओळखीचा शब्द बसवला, फेवर. मंत्रालयाच्या जिन्यात उभं राहून बघितलं तर मूळचा अर्थ जास्त बरोबर वाटतो.

नाव ठेवायचं तर ठेवा, इंग्रजी येणारी गिऱ्हाइकं हसतील आणि आत येतील. फक्त पाटीवर घोडा काढू नका, लोकांना मटणाविषयी शंका येईल.

प्रश्न : "आय डोन्ट गिव्ह अ डॅम" मधला डॅम म्हणजे मोगलांचा दाम, असं एका व्याख्यानात ऐकलं. टाळ्या पडल्या. तुमचं मत? (ज्येष्ठ नागरिक संघ, अमरावती)

टाळ्या पडल्या म्हणूनच संशय घ्या.

दाम नाणं खरं. अकबराच्या काळात एका रुपयाचे चाळीस दाम होते. आपल्या तोंडी तो अजून आहे, छदाम, दामदुप्पट, दामाजी. "छदामही देणार नाही" आणि ते इंग्रजी वाक्य शेजारी ठेवलं तर मोह होतोच. तो हॉब्सन-जॉब्सनवाल्यांनाही झाला, चीज सांगणाऱ्या त्याच दोघांना. पण ऑक्सफर्डच्या कोशानं ही व्युत्पत्ती नाकारली. इंग्रजी डॅम हा नरकात पाठवायचा शाप आहे, लॅटिनमधून आलेला. "शापाच्याही लायकीचं नाही" या अर्थाचे वाक्प्रचार इंग्रजीत आधीपासून आहेत, त्यांना नाण्याची गरज पडत नाही. धरणाचा डॅम आणखी निराळा, त्याच्या शेवटी एन नाही.

व्याख्यात्यांना पत्र लिहायचं झालं तर सौम्य लिहा. यूल आणि बर्नेल यांच्या पंगतीत बसून फसलेत ते.

प्रश्न : इंग्रजीत एक गूज, दोन गीस. मग एक मंगूज आणि दोन मंगीस का? (इयत्ता सातवी, चिपळूण)

नाही. मंगूजेस. काही कोश मंगीसही नाखुशीनं छापतात, पण पेपरात लिहू नकोस. गूज म्हणजे हंसाच्या जातीचा पक्षी. मंगूज हा आपला मुंगूस, मराठीतूनच तिकडे गेलेला. तुझ्या बाईंनी मार्क कापले तर हा अंक दाखव.